लिट्टे: उदय, सत्ता आणि शेवट (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

श्रीलंकेच्या यादवी युद्धाचा विषय निघाला की आपल्याकडे गप्पा दोनच वाक्यांत आटोपतात. एक म्हणतो, 'ते राजीव गांधींचे मारेकरी.' दुसरा म्हणतो, 'पण तमिळांवर अन्याय झालाच होता ना?' दोन्ही वाक्यं खरी आहेत. त्यांना एकमेकांविरुद्ध उभं केलं की मात्र घोटाळा होतो. तमिळांचा प्रश्न खरा होता, आजही आहे. त्या प्रश्नाच्या नावानं उभी राहिलेली संघटना पुढे त्याच माणसांच्या जिवावर उठली, हेही तितकंच खरं आहे. खालची उत्तरं लिहिताना मी या दोन्ही गोष्टींपैकी एकीलाही सोडलेलं नाही.

लिट्टे म्हणजे नेमकं काय?

'लिबरेशन टायगर्स ऑफ तमिळ ईलम' हे पूर्ण नाव. ५ मे १९७६ रोजी स्थापना, मे २००९ मध्ये शेवट. श्रीलंकेच्या उत्तर आणि पूर्व भागात तमिळांचं स्वतंत्र राष्ट्र, म्हणजे ईलम, हे ध्येय. आपल्या वर्तमानपत्रांनी त्यांना 'लिट्टे' किंवा 'तमिळ वाघ' म्हटलं. उत्तर टोकाच्या जाफन्यातले म्हातारेकोतारे सुरुवातीच्या काळात त्यांना नुसतं 'पोरं' म्हणत, कारण ती खरोखरच गल्लीतली, ओळखीच्या घरांतली पोरं होती.

भांडण सुरू कशावरून झालं? तमिळ तिथे बाहेरून आलेले होते का?

हा प्रश्न सगळ्यात जास्त विचारला जातो आणि त्यात एक गफलत असते. श्रीलंकेत तमिळ भाषकांचे दोन वेगळे समाज आहेत. जाफना, वन्नी, त्रिंकोमाली, मट्टकळप्पु (बॅटिकलोआ) या भागांतले तमिळ शतकानुशतकं तिथलेच. मध्य डोंगराळ भागात चहाच्या मळ्यांवर राबणारे तमिळ इंग्रजांनी एकोणिसाव्या शतकात भारतातून नेलेले. १९८१च्या जनगणनेत सिंहली सुमारे ७४ टक्के, स्थानिक तमिळ सुमारे १३ टक्के, मळ्यांवरचे तमिळ साडेपाच टक्के आणि मुस्लिम सुमारे सात टक्के होते.

१९४८ मध्ये देश स्वतंत्र झाला आणि त्याच वर्षीच्या नागरिकत्व कायद्यानं मळ्यांवरची लाखो माणसं कुठल्याच देशाची उरली नाहीत. हा तिढा सोडवायला १९६४ मध्ये लालबहादूर शास्त्री आणि सिरिमावो बंदरनायके यांना करार करावा लागला. पिढ्यान्पिढ्या तिथे राबलेल्या सव्वापाच लाख माणसांना भारतानं 'परत' घ्यायचं ठरलं. कित्येकांनी भारत कधी पाहिलाही नव्हता.

१९५६ मध्ये एस. डब्ल्यू. आर. डी. बंदरनायके यांनी सिंहली ही एकमेव राजभाषा केली. जाफन्यात जमीन कोरडी, शेती जिकिरीची. तिथल्या मध्यमवर्गानं पिढ्यान्पिढ्या भिस्त ठेवली ती शिक्षणावर आणि सरकारी नोकरीवर. ते दारच बंद झालं. सत्तरच्या दशकात विद्यापीठ प्रवेशाचे नियम असे बदलले की वैद्यकीय आणि अभियांत्रिकीला तमिळ मुलांना सिंहली मुलांपेक्षा जास्त गुण लागू लागले. गुण असून प्रवेश हुकलेला सतरा-अठरा वर्षांचा मुलगा घरी बसून काय विचार करतो, हे महाराष्ट्रातल्या कुठल्याही पालकाला वेगळं समजवायला नको. बंदूक हातात घेणाऱ्या पहिल्या पिढीत अशी मुलं बरीच होती.

मग सनदशीर मार्गानं कुणी प्रयत्न केले नाहीत?

केले, आणि चांगली पंचवीस-तीस वर्षं केले. एस. जे. व्ही. चेल्वनायकम हे तमिळांचे ज्येष्ठ नेते. सत्याग्रह, धरणी, वाटाघाटी हा त्यांचा मार्ग. १९५७ मध्ये त्यांनी बंदरनायके यांच्याशी करार केला, मर्यादित प्रादेशिक अधिकारांवर तडजोड केली. बौद्ध भिक्खूंचा विरोध होताच बंदरनायके यांनी पुढच्याच वर्षी तो करार मोडला. १९५८ मध्ये तमिळांविरुद्ध मोठी दंगल झाली. त्यानंतरचा आणखी एक करारही असाच बारगळला.

१४ मे १९७६ रोजी वट्टुकोट्टै इथे तमिळ पक्षांनी एकत्र येऊन स्वतंत्र राष्ट्राचा ठराव केला. त्याच मागणीवर १९७७ची निवडणूक लढवून त्यांची आघाडी संसदेत मुख्य विरोधी पक्ष झाली. १९८३च्या ऑगस्टमध्ये सरकारनं घटनादुरुस्ती करून वेगळ्या राष्ट्राची मागणी करणंच बेकायदा ठरवलं आणि त्या खासदारांच्या जागा गेल्या. लोकांनी निवडून दिलेली माणसं सभागृहाबाहेर गेली. रान मोकळं झालं ते बंदूकवाल्यांना.

प्रभाकरन कोण होता?

वेलुपिल्लई प्रभाकरन. जन्म २६ नोव्हेंबर १९५४, गाव वल्वेट्टित्तुरै, जाफन्याच्या उत्तर किनाऱ्यावरचं मच्छीमारांचं आणि चोरट्या मालाची ने-आण करणाऱ्यांचं गाव. वडील सरकारी नोकरीत. शाळा अर्ध्यावर सुटली. २७ जुलै १९७५ रोजी जाफन्याचे महापौर आल्फ्रेड दुरैयप्पा यांची देवळाच्या दारात गोळ्या घालून हत्या झाली, त्यात तो होता. पुढच्या इतिहासाचं सूत्र इथेच दिसतं: त्याच्या हातून झालेली ही पहिली मोठी राजकीय हत्या एका तमिळ माणसाची होती.

जुलै १९८३ला एवढं महत्त्व का?

कारण त्याआधी लिट्टेकडे मोजकी माणसं होती. त्यानंतर पोरांची रीघ लागली.

२३ जुलैच्या रात्री जाफन्यातल्या तिरुनेलवेलीजवळ लिट्टेनं लष्कराच्या गाडीवर छापा घातला, १३ सैनिक मेले. मृतदेह कोलंबोत आणून कनत्त दफनभूमीत एकत्र पुरायचं ठरलं. तिथे जमलेला जमाव बिथरला आणि शहरभर पसरला. जमावातल्या लोकांच्या हातात मतदार याद्या होत्या. कुठलं घर तमिळाचं, कुठलं दुकान तमिळाचं, हे यादी पाहून ठरत होतं. शेजारची सिंहली घरं शाबूत आणि मधलं एकच घर जळालेलं, असं दृश्य गल्लोगल्ली दिसलं. वेलिकडा तुरुंगात दोन दिवसांत ५३ तमिळ कैदी तुरुंगातच मारले गेले. सरकारी आकडा काही शेकड्यांचा, तमिळ संघटनांचा तीन हजारांपर्यंत. राष्ट्राध्यक्ष जयवर्धने कित्येक दिवस गप्प राहिले आणि बोलले तेव्हा तमिळांबद्दल सहानुभूतीचा शब्द काढला नाही.

दोन वर्षं आधी, १९८१च्या मे-जूनमध्ये, जाफन्याचं सार्वजनिक ग्रंथालय जाळलं गेलं होतं. सुमारे ९७ हजार ग्रंथ आणि हस्तलिखितं एका रात्रीत गेली. जाळणाऱ्यांत पोलीस होते. शिक्षणावर जगणाऱ्या गावाचं ग्रंथालय जाळणं म्हणजे काय, ते तिथल्या लोकांना नेमकं कळलं होतं.

भारतानं लिट्टेला प्रशिक्षण दिलं, हे खरं का?

खरं. १९८३नंतर 'रॉ'नं तमिळ संघटनांना शस्त्रं आणि प्रशिक्षण दिलं. छावण्या तमिळनाडूत होत्या आणि उत्तरेतही होत्या. लिट्टे ही त्यातली एक संघटना, 'टेलो', 'ईपीआरएलएफ', 'प्लोट', 'ईरॉस' या बाकीच्या. तमिळनाडूचे मुख्यमंत्री एम. जी. रामचंद्रन यांनी प्रभाकरनला उघडपणे पैसा दिला. दिल्लीचा हेतू कोलंबोवर दबाव ठेवण्याचा होता, स्वतंत्र ईलम दिल्लीला कधीच नको होतं. म्हणजे ज्यांना शस्त्रं दिली त्यांचं ध्येय वेगळं आणि देणाऱ्यांचं वेगळं. माझ्या मते भारताची चूक इथूनच सुरू होते, १९८७ मध्ये लंकेत फौज पाठवल्यापासून नव्हे.

बाकीच्या तमिळ संघटनांचं काय झालं?

लिट्टेनं त्या संपवल्या. १९८६च्या एप्रिल-मेमध्ये टेलोच्या पोरांना जाफन्यात वेचून मारलं, त्यांचा नेता श्री सबारत्नम यालाही मारलं. वर्षाअखेरीस ईपीआरएलएफचा नंबर लागला. १३ जुलै १९८९ रोजी ज्येष्ठ संसदीय नेते अमृतलिंगम यांना कोलंबोत त्यांच्या राहत्या घरी, भेटायला म्हणून आलेल्यांनी गोळ्या घातल्या. जून १९९० मध्ये ईपीआरएलएफचे पद्मनाभ यांना सहकाऱ्यांसह थेट चेन्नईत मारलं. 'तमिळांचे एकमेव प्रतिनिधी' हा लिट्टेचा दावा अशा रीतीनं खरा करण्यात आला.

भारतीय शांतिसेना तिथे गेली कशी, आणि मित्र शत्रू कसे झाले?

१९८७च्या मे-जूनमध्ये श्रीलंकेच्या लष्करानं वडमराच्ची भागात मोठी मोहीम काढली, जाफना पडायच्या बेतात आलं. भारतानं आधी रामेश्वरमहून बोटींतून मदत पाठवली, ती लंकेच्या नौदलानं परतवली. लगेच ४ जूनला हवाई दलाच्या एएन-३२ विमानांनी मिराज विमानांच्या संरक्षणाखाली जाफन्यावर अन्नधान्य टाकलं. कोलंबोला इशारा कळला. २९ जुलैला राजीव गांधी आणि जयवर्धने यांनी करार केला: तमिळ भागाला प्रांतिक परिषद, संघटनांनी शस्त्रं खाली ठेवायची, देखरेखीला भारतीय फौज, म्हणजेच शांतिसेना. दुसऱ्याच दिवशी मानवंदना घेताना एका सिंहली नौसैनिकानं राजीव गांधींवर बंदुकीचा दस्ता उगारला. करार सिंहलींनाही नको होता.

लिट्टेनं थोडीफार शस्त्रं दिली आणि थांबली. १५ सप्टेंबरला लिट्टेचा तरुण राजकीय नेता तिलीपन नल्लूरच्या कंदस्वामी देवळाजवळ पाच मागण्यांसाठी उपोषणाला बसला. पाण्याचा थेंबही घ्यायचा नाही, असा निश्चय. रोज हजारो लोक येऊन बसत, बाया रडत. बाराव्या दिवशी, २६ सप्टेंबरला, तो गेला. उपोषण हे आपलं हत्यार, गांधींच्या देशाचं, आणि ते भारताविरुद्धच वापरलं गेलं होतं. शांतिसेनेवरचा जाफन्याचा विश्वास त्या बारा दिवसांत संपला. ऑक्टोबरच्या सुरुवातीला लंकेच्या नौदलानं पकडलेल्या लिट्टेच्या माणसांपैकी बारा जणांनी कोलंबोला नेण्याआधी सायनाइड घेतलं. त्यानंतर लढाई टळण्याची शक्यता उरली नाही.

११ ऑक्टोबरच्या रात्री प्रभाकरनला पकडण्यासाठी जाफना विद्यापीठाच्या मैदानावर हेलिकॉप्टरमधून जवान उतरवले. लिट्टेनं बिनतारी संदेश आधीच ऐकले होते, ते दबा धरून बसले होते. शीख लाइट इन्फंट्रीचे ३० जवान उतरले, पुढची हेलिकॉप्टरं गोळीबारामुळे येऊ शकली नाहीत. सकाळपर्यंत ३० पैकी २९ मेले. 'ही पोरं आपणच शिकवलेली, दोन-तीन दिवसांत आटपेल,' असा दिल्लीचा होरा होता. आटपायला अडीच वर्षं लागली आणि तरी आटपलं नाही. भारताचे सुमारे १,२०० जवान तिथे मेले. मार्च १९९० मध्ये शेवटची तुकडी परतली, आणि तोवर राष्ट्राध्यक्ष प्रेमदासा शांतिसेनेला घालवण्यासाठी लिट्टेलाच शस्त्रं पुरवत होते.

शांतिसेनेकडून अत्याचार झाले का?

झाले. २१ आणि २२ ऑक्टोबर १९८७ रोजी जाफन्याच्या सरकारी रुग्णालयात गोळीबार झाला, साठहून अधिक माणसं मेली. त्यांत रुग्ण होते, डॉक्टर आणि परिचारिका होत्या. ऑगस्ट १९८९ मध्ये वल्वेट्टित्तुरै इथे गावकरी मारले गेले. आपल्या जवानांच्या बलिदानाचा अभिमान बाळगणाऱ्या माणसानं हेही वाचलं पाहिजे, असं मला मनापासून वाटतं. जाफन्यात ही नावं आजही घरोघरी माहीत आहेत.

महाराष्ट्राचा या युद्धाशी काही संबंध आहे का?

आहे. शांतिसेनेच्या मोहिमेतलं एकमेव परमवीर चक्र मुंबईत जन्मलेल्या, मुंबईतच शिकलेल्या मेजर रामस्वामी परमेश्वरन यांना मरणोत्तर मिळालं. ते महार रेजिमेंटच्या आठव्या पलटणीचे. ही रेजिमेंट १९४१ मध्ये बेळगावात उभी राहिली, आणि तिच्या मागे डॉ. आंबेडकरांचा आग्रह होता.

२५ नोव्हेंबर १९८७च्या रात्री शोधमोहिमेवरून परतताना त्यांच्या तुकडीवर छापा पडला. त्यांनी जवानांना घेऊन छापा घालणाऱ्यांनाच मागून वळसा घातला. हातघाईत एकानं त्यांच्या छातीवर गोळी झाडली. परमेश्वरन यांनी त्याच्याच हातातली रायफल हिसकावून त्याला मारलं आणि कोसळेपर्यंत हुकूम देत राहिले. तमिळ घरातला मुंबईकर अधिकारी, महार पलटण, आणि समोर तमिळ बंडखोर. हे युद्ध 'तमिळ विरुद्ध इतर' एवढं सोपं नव्हतं.

लिट्टेनं राजीव गांधींना का मारलं?

१९९१च्या निवडणुकीत ते पुन्हा सत्तेवर आले तर शांतिसेना परत येईल, ही भीती, आणि शांतिसेनेच्या काळाचा सूड. २१ मे १९९१, श्रीपेरुंबुदूर. धनू या नावानं ओळखल्या गेलेल्या तरुणीनं हार घातला, पाया पडायला वाकली आणि कमरेच्या पट्ट्यातला स्फोट घडवला. या क्षणाचे फोटो काढायला लिट्टेनंच आणलेला छायाचित्रकार स्फोटात मेला, त्याचा कॅमेरा शाबूत राहिला. त्या रोलमधल्या फोटोंवरून तपासाला दिशा मिळाली. सूत्रधार शिवरासन यानं ऑगस्टमध्ये बंगळुरूजवळ वेढ्यात सापडल्यावर स्वतःला संपवलं.

राजकीयदृष्ट्या यापेक्षा आत्मघातकी निर्णय लिट्टेनं दुसरा घेतला नाही. तमिळनाडूत त्यांना घरं मिळत, औषधं मिळत, पोलिसांची डोळेझाक मिळे. ते सगळं एका रात्रीत संपलं. अँटन बालसिंगम हे लिट्टेचे विचारवंत. त्यांनी २००६ मध्ये ही हत्या म्हणजे मोठी शोकांतिका असल्याचं म्हणत भारतानं मागचं विसरावं अशी विनंती केली. तोवर पंधरा वर्षं लोटली होती.

गळ्यातली सायनाइडची कुपी, आत्मघातकी पथकं हे सगळं कसं चालायचं?

प्रत्येक लढवय्याच्या गळ्यात काळ्या दोऱ्यात काचेची छोटी कुपी असे. जिवंत पकडले जायचं नाही, हा नियम. ५ जुलै १९८७ रोजी कॅप्टन मिलर हे टोपणनाव असलेल्या तरुणानं स्फोटकांनी भरलेला ट्रक नेल्लियडीच्या लष्करी तळावर घातला. तिथून 'काळे वाघ' हे आत्मघातकी पथक सुरू झालं. राष्ट्राध्यक्ष प्रेमदासा १ मे १९९३ रोजी अशाच हल्ल्यात मेले. ३१ जानेवारी १९९६ रोजी कोलंबोत मध्यवर्ती बँकेवर ट्रक घातला गेला, नव्वदहून अधिक माणसं मेली. त्यातले बहुतेक कामावर आलेले कारकून आणि रस्त्यावरचे लोक.

मेलेल्यांना हिंदू रीतीनं दहन न करता ओळीनं पुरत. २७ नोव्हेंबरला 'महावीर दिन' साजरा होई, कारण १९८२ मध्ये त्या तारखेला पहिला लढवय्या मेला. पावसाळ्यात कोकणातल्या कुंपणावर जी लालपिवळी कळलावी फुलते, ते फूल हे त्या दिवसाचं चिन्ह. आईबापांना समाधीशी बसवून दिवे लावत. दुःखाला अशी रांगेची, गणवेशाची शिस्त लावली की पुढच्या मुलाला 'नाही' म्हणणं आईला अवघड जातं.

उत्तरेतल्या मुस्लिमांना का हाकललं?

ऑक्टोबर १९९०. पूर्वेकडे तमिळ आणि मुस्लिमांत चकमकी चालू होत्या. ऑगस्टमध्ये काथनकुडीच्या मशिदींत नमाज पढणाऱ्या शंभराहून अधिक माणसांना लिट्टेनं मारलं होतं. ३० ऑक्टोबरला जाफन्यात ध्वनिक्षेपकावरून मुस्लिमांना उस्मानिया कॉलेजच्या मैदानावर बोलावलं आणि दोन तासांत शहर सोडायला सांगितलं. घरं, दुकानं, शिलाई यंत्रं, दागिने सगळं तिथेच. नाक्यांवर बायांच्या कानातलंही काढून घेतलं. उत्तरेच्या पाचही जिल्ह्यांतून सत्तर हजारांच्या वर माणसं गेली आणि पुत्तलमच्या छावण्यांत एक पिढी वाढली. या मुस्लिमांचीही मातृभाषा तमिळच होती.

स्वतःवर झालेल्या वांशिक अन्यायाविरुद्ध लढणाऱ्यांनी सात वर्षांत तेच केलं. २००२ मध्ये बालसिंगम यांनी चूक कबूल केली, पण परतण्याची वाट सोपी झाली नाही.

तमिळांमधून कुणी विरोध केला नाही का?

केला, आणि किंमत मोजली. डॉ. राजनी तिरणगम जाफना विद्यापीठात शरीररचनाशास्त्र शिकवत. तरुणपणी त्या लिट्टेच्या समर्थक होत्या, जखमी पोरांवर उपचार केलेले. नंतर त्या दूर झाल्या आणि सहकाऱ्यांसोबत मानवाधिकारांसाठी प्राध्यापकांचा गट काढला. लंकेचं लष्कर, शांतिसेना, लिट्टे, सगळ्यांच्या अत्याचारांची नोंद त्यांनी साक्षी घेऊन केली. २१ सप्टेंबर १९८९ रोजी विद्यापीठातून सायकलवरून घरी जाताना त्यांना गोळ्या घातल्या. वय ३५, दोन लहान मुली. लिट्टेनं कबुली दिली नाही, पण संशय कुणावर आहे याबद्दल जाफन्यात दुमत नव्हतं. या सगळ्या इतिहासात एकाच माणसाबद्दल वाचायचं असेल तर मी त्यांचं नाव सांगेन, प्रभाकरनचं नाही.

लिट्टेचं खरोखर राज्य होतं का? पैसा कुठून यायचा?

१९९० ते १९९५ जाफना आणि पुढे वन्नीचं जंगल त्यांच्या हातात होतं. वन्नीतल्या किलिनोच्ची शहरात त्यांची न्यायालयं, पोलीस, बँक, वाहतूक नियम होते, जकात होती. 'समुद्री वाघ' म्हणून नौदल होतं, २००७ मध्ये तर झ्लिन जातीच्या छोट्या विमानांनी कोलंबोजवळच्या कटुनायकेच्या हवाई तळावर बॉम्बही टाकले. शिक्षक आणि डॉक्टरांचे पगार मात्र कोलंबो सरकारच देत असे, ही गंमत नव्हे, दोन्ही बाजूंची गरज होती.

पैसा मुख्यतः परदेशांतल्या तमिळांकडून. १९८३नंतर लाखो लोक टोरंटो, लंडन, पॅरिसला गेले. काहींनी मनापासून दिलं, काहींकडून गावातल्या नातेवाइकांची आठवण करून देऊन वसूल केलं. शिवाय मालवाहू जहाजांचा ताफा होता, त्यातूनच शस्त्रं येत.

लहान मुलांना लढायला पाठवत, हा अपप्रचार तर नाही?

नाही. २००१नंतरच्या पाच-सहा वर्षांत युनिसेफकडे पाच हजारांहून अधिक मुलांच्या नोंदी झाल्या, आणि त्या त्यांच्या आईबापांनी येऊन केलेल्या होत्या. 'घरटी एक' हा नियम होता. पोरीला वाचवायला चौदा-पंधराव्या वर्षी लग्न लावून देणं, मुलाला घरामागच्या खड्ड्यात लपवणं, हे वन्नीतल्या घरोघरचं झालं होतं.

२००२चा शस्त्रसंधी का फसला?

त्या वेळी लिट्टे बळाच्या शिखरावर होती. एप्रिल २००० मध्ये त्यांनी एलिफंट पास हा लष्करी तळ घेतला. जाफना द्वीपकल्पाला मुख्य भूमीशी जोडणारी ती चिंचोळी, मिठागरांची पट्टी, आणि तो तळ अभेद्य मानला जाई. जुलै २००१ मध्ये कोलंबोच्या विमानतळावर हल्ला करून त्यांनी देशाच्या अर्थव्यवस्थेचं कंबरडं मोडलं. दोन्ही बाजू थकल्या होत्या. नॉर्वेच्या मध्यस्थीनं २२ फेब्रुवारी २००२ रोजी शस्त्रसंधीचा करार झाला. डिसेंबरमध्ये ऑस्लोत संघराज्याच्या चौकटीत तोडगा शोधायचं ठरलं.

इतकी चांगली संधी पुन्हा आली नाही. एप्रिल २००३ मध्ये लिट्टे बोलणी सोडून निघाली. कोलंबोतले दोन मोठे पक्ष एकमेकांचे पाय ओढत राहिले. ऑगस्ट २००५ मध्ये परराष्ट्रमंत्री लक्ष्मण कदिरगामर यांची हत्या झाली, तेही तमिळच. नोव्हेंबरच्या राष्ट्राध्यक्षीय निवडणुकीत लिट्टेनं आपल्या भागातल्या तमिळांना मतदान करू दिलं नाही. वाटाघाटी करणारे रनिल विक्रमसिंघे जेमतेम १ लाख ८० हजार मतांनी हरले आणि महिंदा राजपक्षे आले. ज्या माणसानं लिट्टे संपवली त्याला निवडून आणण्यात लिट्टेचा हात होता.

एवढी बलाढ्य संघटना हरली कशी?

मोठं कारण घरचंच. मार्च २००४ मध्ये पूर्वेचा सेनापती करुणा फुटला. लढतो आम्ही पूर्वेचे, पदं जाफनावाल्यांना, ही त्याची तक्रार होती आणि ती पोकळ नव्हती. तो हजारो लढवय्ये आणि सगळी माहिती घेऊन सरकारच्या बाजूला गेला, पुढे मंत्रीही झाला. २००७च्या जुलैपर्यंत पूर्व हातची गेली.

दुसरीकडे ११ सप्टेंबर २००१नंतर जगाची हवा बदलली होती. २००६ मध्ये युरोपीय संघानं बंदी घातली. लंकेच्या नौदलानं खोल समुद्रात जाऊन शस्त्रांची जहाजं एकामागून एक बुडवली. सेनाप्रमुख सरथ फोन्सेका यांनी सैन्य प्रचंड वाढवलं आणि छोट्या तुकड्या जंगलात घुसवल्या, म्हणजे लिट्टेचाच गनिमी कावा उलटवला. लिट्टे मात्र आता बांध आणि खंदकांमागे बसून सीमा राखणारी फौज झाली होती.

शेवटच्या महिन्यांत नेमकं काय घडलं?

२ जानेवारी २००९ला किलिनोच्ची पडलं. लिट्टे मागे हटताना लाखो माणसांना सोबत घेऊन हटली. सरकारनं 'गोळीबारमुक्त क्षेत्र' जाहीर केलं, लोक तिथे गेले आणि तिथेच तोफगोळे पडले. मग दुसरं क्षेत्र, मग तिसरं. शेवटी नंदिकडल खाजण आणि समुद्र यांच्यामधली वाळूची एक पट्टी उरली. लोक वाळूत खड्डे खणून, साड्यांच्या पिशव्या शिवून त्यांत वाळू भरून आडोसा करत. तात्पुरत्या रुग्णालयांवर गोळे पडले, त्यांची ठिकाणं सरकारला कळवलेली असताना पडले. पळून सरकारी बाजूला जाणाऱ्यांवर लिट्टेनं गोळ्या झाडल्या आणि त्याही दिवसांत ते घराघरातून पोरं ओढून नेत होते.

संयुक्त राष्ट्रांच्या तज्ज्ञ समितीनं २०११ मध्ये म्हटलं की या टप्प्यात ४० हजारांपर्यंत नागरिक मेले असू शकतात. नागरी हानी शून्य, असं सरकार सांगत राहिलं. लिट्टेचे राजकीय नेते नडेसन आणि पुलिदेवन पांढरं निशाण घेऊन शरण येताना मारले गेले, असा आरोप आहे. सरकारनं तो नाकारला. वाचलेल्या अडीच-तीन लाख लोकांना काटेरी तारांमागे मेनिक फार्मच्या छावण्यांत ठेवलं. पूर्ण युद्धातले बळी ८० हजार ते १ लाख, असा अंदाज सांगितला जातो.

प्रभाकरन जिवंत आहे का?

नाही. १८ मे २००९ रोजी युद्ध संपल्याचं जाहीर झालं, दुसऱ्या दिवशी नंदिकडलच्या काठचा त्याचा मृतदेह दूरचित्रवाणीवर दाखवला. करुणानं तो ओळखला. २०२३ मध्ये तमिळनाडूत एका नेत्यानं तो जिवंत असल्याचं सांगितलं, पुरावा आला नाही.

जेव्हीपी आणि लिट्टे एकच का?

अजिबात नाही. जेव्हीपी हा दक्षिणेतल्या सिंहली तरुणांचा डावा पक्ष. त्यांनी १९७१ आणि १९८७ ते १९८९ अशी दोन बंडं केली, ती सरकारनं अतिशय क्रूरपणे चिरडली. ते तमिळांच्या वेगळ्या राष्ट्राचे कट्टर विरोधक. २०२४ मध्ये राष्ट्राध्यक्ष झालेले अनुरा कुमार दिसानायके याच पक्षाचे, आणि त्यांच्या आघाडीला जाफना जिल्ह्यातही सर्वाधिक जागा मिळाल्या.

आज तिथल्या तमिळांची स्थिती काय आहे?

रस्ते झाले, रेल्वे जाफन्यापर्यंत पुन्हा धावते, ग्रंथालय नव्यानं उभं राहिलं. अधिकारांचा प्रश्न तिथेच आहे. १९८७च्या करारातून आलेली प्रांतिक परिषद उत्तरेत पहिल्यांदा निवडून आली २०१३ मध्ये, तिची मुदत २०१८ मध्ये संपली आणि पुन्हा निवडणूक झालेली नाही. लष्कराच्या ताब्यातल्या काही जमिनी परत मिळाल्या, काही नाहीत.

सगळ्यात ठसठसतो तो बेपत्ता माणसांचा प्रश्न. २०१७च्या फेब्रुवारीपासून किलिनोच्ची आणि वव्वुनियात आया रस्त्याकडेच्या मांडवात बसल्या. हातात मुलांचे फोटो, काहींच्या मुलांनी शेवटच्या दिवशी त्यांच्या डोळ्यांदेखत लष्कराकडे शरणागती पत्करलेली. त्यांना नुकसानभरपाईचा आकडा नको आहे. मुलगा कुठे आहे, एवढंच त्या विचारतात. यासाठी सरकारनं कार्यालय स्थापन केलं, पण उत्तर मिळालेलं नाही. मांडवात बसणाऱ्यांपैकी अनेक जणी वाट पाहतच वारल्या.

भारतात लिट्टेवर अजून बंदी आहे का? राजीव हत्येतल्या दोषींचं काय झालं?

बंदी १४ मे १९९२ रोजी घातली, ती आजही आहे. मे २०२४ मध्ये ती आणखी पाच वर्षांसाठी वाढवली. हत्येच्या खटल्यात विशेष न्यायालयानं १९९८ मध्ये २६ जणांना फाशी सुनावली होती. सर्वोच्च न्यायालयानं पुढच्या वर्षी चौघांची फाशी आणि तिघांची जन्मठेप ठेवून बाकीच्यांना सोडलं. नंतर फाशीच्या शिक्षाही जन्मठेपेत बदलल्या. २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशानं उरलेले सातही जण तुरुंगाबाहेर आले, मे महिन्यात एक आणि नोव्हेंबरमध्ये सहा.